निळूभाऊंचा पाटील पुन्हा बघ

चि. बाळा, अनेक आशीर्वाद.

काल फोनवर तुझा आवाज पडलेला वाटला. मालिकेत तिसऱ्यांदा खलनायक, तोही पुन्हा सरपंचच. ‘आता शिक्का बसला,’ म्हणालास. रात्रभर तेच डोक्यात घोळत राहिलं, म्हणून सकाळीच लिहायला बसलो.

शिक्का निळू फुल्यांवर बसला होता. १९६८ साली ‘एक गाव बारा भानगडी’तला त्यांचा झेलेअण्णा गाजला आणि मागोमाग पाटील, सरपंच, साखरसम्राट रांगेनं आले. आमच्या जत्रेत तंबूतला सिनेमा असायचा. निळूभाऊ पडद्यावर आले की माझी आजी कडाकडा बोटं मोडायची, ‘मुडदा बशिवला याचा’ म्हणायची. तिला कुठं ठाऊक, की हा माणूस राष्ट्र सेवा दलात घडलेला, पुण्यातल्या लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला! पुढे नकलाकारांनीही त्यांना एका वाक्यात कोंबलं. मला त्याचा आजही राग येतो.

‘सामना’ पुन्हा बघ. जब्बार पटेलांचं दिग्दर्शन, तेंडुलकरांची पटकथा. १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात गेलेला सिनेमा. त्यातला हिंदुराव धोंडे पाटील म्हणजे साऱ्या गावावर सत्ता चालवणारा माणूस. पण तो एका दारुड्या मास्तराला घरी आणतो, त्याचा पाहुणचार करतो. समोर मास्तर झालेले डॉ. श्रीराम लागू आहेत आणि ते गावातून नाहीशा झालेल्या मारुती कांबळेचं काय झालं एवढंच विचारत राहतात. त्या प्रश्नानं पाटील आतून कसा पोखरत जातो ते बघ. चेहऱ्यावरची सत्ता तशीच असते आणि डोळ्यांत भीती शिरते. आपण गुन्हेगाराकडे बघतोय हे ठाऊक असूनही माझा जीव त्याच्यासाठी कळवळतो. दुष्टपणा दाखवायच्या नादात आपण नेमकी ही भीतीच विसरतो.

मी हौशी नाटकात सावकार केला, तेव्हा पहिल्याच वाक्याला आवाज चढवला. दुसऱ्या अंकापर्यंत माझ्यापाशी द्यायला काही उरलंच नव्हतं. प्रेक्षक खोकायला लागले. तो खोकला अजून कानात आहे.

रंगमंचावर निळूभाऊंनी सखाराम बाइंडर केला, ती वेगळीच उंची. पण तुझ्या कामाचा आहे तो १९७९ च्या ‘सिंहासन’मधला दिगू टिपणीस. अरुण सरनाईकांचे मुख्यमंत्री, लागूंचे अर्थमंत्री, सगळे बोलतात, डाव टाकतात. हा पत्रकार ऐकतो, बघतो. वाड्यावरच्या पाटलाचा मागमूसही त्या अंगात नाही. आणि इतकं सगळं ऐकून साठलेलं शेवटी त्याच्या वेड्या हसण्यातून फुटतं, तेव्हा अंगावर काटा येतो.

तेव्हा सरपंच नाकारू नकोस. शूटिंगआधी दोन दिवस एखाद्या ग्रामपंचायतीत जाऊन कोपऱ्यात बस. कोण आला की सरपंच खुर्चीतून उठतो, कोण आला की मोबाइलमधून मान वर काढत नाही, सही करताना कोणाला ताटकळत ठेवतो, ते बघ. त्याला ऊसबिल कधी मिळालं, सोसायटीचं किती थकलंय, हे लेखकाला विचार. लेखकाला सांगता आलं नाही तर तू ठरव, पण ठरवल्याशिवाय कॅमेऱ्यासमोर उभा राहू नकोस.

रविवारी घरी ये. ‘सिंहासन’ लावू. पहिल्यांदा आवाज बंद ठेवून बघायचा, नुसता दिगू.

तुझा,
काका