जुन्या डिझेल गाडीच्या इंजिनातून तेल गळत असेल, तर गिअरबॉक्स उतरवून मागचे ऑइल सील बदलणे खरोखरच आवश्यक असते का?

आपण लिहिले आहे की, आपली 2006 सालची टायमिंग बेल्टची डिझेल गाडी 1 लाख 80 हजार किलोमीटर चालली आहे आणि रात्रभर उभी राहिली की सकाळी इंजिन व गिअरबॉक्स यांच्या सांध्याखाली फरशीवर तेलाचे चार-पाच थेंब दिसतात. एका मेकॅनिकने गिअरबॉक्स उतरवून क्रॅंकचे (इंजिनाच्या मुख्य फिरत्या शाफ्टचे) मागचे सील बदलायला सांगितले आहे, दुसऱ्याने ‘हाफ इंजिन’ (इंजिन उघडून पिस्टनच्या रिंगा वगैरे बदलण्याचे मोठे काम) करण्याचा सल्ला दिला आहे आणि तिसऱ्याच्या मते गळती थांबवणारी एक बाटली तेलात ओतली की काम भागेल. मी कराडजवळ गेली 22 वर्षे डिझेल गाड्यांचेच काम करतो. माझे स्पष्ट मत असे की, तेल नेमके कोठून येते आणि तेथून ते का येते, या दोन प्रश्नांची उत्तरे मिळेपर्यंत आपण या तिन्हींपैकी कोणत्याही कामावर पैसे खर्च करू नयेत. सील काही शे रुपयांचे असते. खर्च होतो तो त्याच्यापर्यंत पोहोचण्याच्या मजुरीचा, आणि निदान चुकले तर ती मजुरी दोनदा द्यावी लागते.

थेंब जेथे पडतो तेथेच गळती असते, हा समज सर्वांत आधी सोडावा लागतो. इंजिनावर वर कोठेही झिरपलेले तेल उताराने खाली येते, चालत्या गाडीत वाऱ्याने मागे ढकलले जाते आणि शेवटी इंजिनाच्या सर्वांत खालच्या, मागच्या बाजूला गोळा होते. टॅपेट कव्हरचे, म्हणजे इंजिनाच्या माथ्यावरील झाकणाचे, पॅकिंग मागच्या कोपऱ्यात कडक झाले की तेल हेडच्या मागून ओघळून थेट गिअरबॉक्सच्या सांध्यावर उतरते, आणि ते मागच्या सीलमधून आल्यासारखेच दिसते. माझ्याकडे ‘मागचे सील गेले आहे’ असे निदान घेऊन आलेल्या कितीतरी गाड्यांत प्रत्यक्ष दोष या पॅकिंगचा निघाला आहे, आणि ते पॅकिंग बदलायला गाडीखाली जावेही लागत नाही. म्हणून थंड इंजिन रॉकेल किंवा डिझेल आणि ब्रश घेऊन नीट धुवावे, त्या वेळी अल्टरनेटर प्लास्टिकने झाकावा, नंतर सगळे कापडाने कोरडे करून संशयाच्या जागांवर साधी टाल्कम पावडर भुरभुरावी. गाडी दहा-पंधरा किलोमीटर चालवून आणली की पांढऱ्या पावडरीवर तेलाची वाट स्पष्ट उमटते. ती वाट नेहमी वरून खाली शोधत यावे. टॅपेट कव्हर, ऑइल प्रेशरचा स्विच, ऑइल फिल्टरची बैठक (जुन्या फिल्टरचे रबर चिकटून राहिले आणि त्यावरच नवा फिल्टर बसवला गेला, तर तेथून हमखास गळते) आणि ऑइल कूलरची रबरी रिंग या जागा निर्दोष ठरल्यानंतरच क्रॅंकच्या सीलांचा विचार करावा. ज्या गाड्यांत ब्रेकचा व्हॅक्यूम पंप अल्टरनेटरच्या पाठीवर असतो, तेथे त्या पंपाला इंजिनाचेच तेल जात असल्यामुळे त्याचे नळ आणि सीलही पाहावे, कारण ते तेल अल्टरनेटरमध्ये शिरले की कार्बन ब्रश खराब होतात आणि मग चार्जिंगची तक्रार सुरू होते.

गळणारा द्रव कोणता हेही याच वेळी ठरवून घ्यावे. डिझेल इंजिनाचे वापरलेले तेल काजळीमुळे काळेच असते. गिअरबॉक्सचे तेल त्या मानाने फिकट असते आणि त्याला गंधकाचा उग्र वास येतो. तसे तेल निघाले तर दोष इंजिनाचा नसून गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टच्या सीलचा आहे. पातळ आणि डिझेलच्या वासाचा द्रव असेल, तर रिटर्नच्या बारीक नळ्या किंवा डिझेल पंप पाहावा. जुन्या रोटरी पंपाचे शाफ्ट सील गेले आणि पंप बेल्टवर चालणारा असला, तर डिझेल बाहेर बेल्टच्या बाजूला येते. तोच पंप गिअरवर चालणारा असेल, तर डिझेल इंजिनाच्या पोटात जाते, बाहेर एक थेंबही दिसत नाही आणि ऑइलच्या काडीवरील पातळी मात्र वाढत जाते. अशी वाढणारी पातळी गळतीपेक्षा अधिक गंभीर असते, कारण पातळ झालेले तेल बेअरिंग सांभाळू शकत नाही. जुन्या पंपांच्या सीलांना इंधनातील बदलही बाधतो. 1 एप्रिल 2020 पासून देशभर दहा पीपीएम (दहा लाखांत दहा भाग) गंधकाचे डिझेल मिळू लागले. गंधक काढण्याच्या प्रक्रियेत डिझेलमधील अरोमॅटिक घटकही कमी होतात, आणि ज्या घटकांमुळे जुने नायट्राइल रबर वर्षानुवर्षे फुगलेले राहिले होते, तेच कमी झाल्यामुळे ते रबर आकसते.

आता ‘का’ या प्रश्नाकडे येतो. त्याकडे बहुतेक ठिकाणी दुर्लक्ष होते. पिस्टन आणि रिंगांच्या बाजूने थोडा वायू प्रत्येक इंजिनात खाली क्रॅंककेसमध्ये, म्हणजे क्रॅंक जेथे फिरतो त्या पोकळीत, उतरतो. गॅरेजमध्ये यालाच ‘बॅक कॉम्प्रेशन’ म्हणतात. तो वायू बाहेर जाण्यासाठी ब्रीदरची वाट दिलेली असते. डिझेलच्या काजळीने आणि तेलाच्या वाफेने ही वाट हळूहळू बुजते, क्रॅंककेसमध्ये दाब साठतो, आणि सीलचा ओठ ज्या दाबासाठी बनवलेलाच नाही तो दाब त्याच्यावर आतून पडू लागतो. अशा वेळी नवे सीलही गळते. बऱ्याच वर्षांपूर्वी पाटणच्या घाटात रोज चालणारी एक जीप माझ्याकडे आली होती. मी तिचे मागचे सील बदलले, महिन्याभरात ती पुन्हा गळू लागली. मी सील बनावट असावे असे समजून गिअरबॉक्स पुन्हा उतरवला आणि दुसरे सील बसवले, तरी गळती थांबली नाही. तिसऱ्या वेळी ब्रीदरचा रबरी नळ काढून पाहिला, तेव्हा तो आतून काळ्या चिखलाने इतका भरला होता की त्यातून फुंकरही जात नव्हती. नळ आणि त्याखालची जाळी स्वच्छ केली आणि त्याच दुसऱ्या सीलने पुढे काहीही त्रास दिला नाही. दुसऱ्या वेळची मजुरी मी मालकांना परत केली. तेव्हापासून ब्रीदर तपासल्याशिवाय मी एकाही गाडीचा गिअरबॉक्स उतरवलेला नाही.

ही तपासणी आपण स्वतःही करू शकता. इंजिन गरम झाल्यावर आयडलवर ठेवून तेल ओतण्याचे झाकण सैल करून नुसते वर ठेवावे. डिझेल इंजिनात थोडी धडधड आणि किंचित वाफ साहजिक असते. झाकण उडू लागले, धुराडे पेटल्यासारखा सलग धूर येऊ लागला किंवा ऑइलची काडी आपोआप वर सरकलेली आढळली, तर आत दाब जास्त आहे. प्रथम ब्रीदरचा नळ आणि तेल वेगळे करणारा भाग साफ करून तीच चाचणी पुन्हा करावी. दाब उतरला तर प्रश्न सुटला. ब्रीदर मोकळा असूनही दाब तसाच राहिला, गाडी सकाळी उशिरा सुरू होत असेल, चढावर निळा धूर येत असेल आणि तेल वारंवार भरावे लागत असेल, तरच रिंगा संपल्या आहेत असे मानून ‘हाफ इंजिन’चा विषय काढावा. नुसत्या चार-पाच थेंबांवरून तो निर्णय घेणे मला अजिबात पटत नाही.

एवढे करूनही सीलच दोषी ठरले, तर ते कसे काम करते हे समजून घेतल्यास मेकॅनिकशी बोलणे सोपे जाईल. ऑइल सील म्हणजे लोखंडी कड्यावर बसवलेला रबराचा पातळ ओठ आणि त्या ओठाला शाफ्टवर हलकेच आवळून धरणारी बारीक स्प्रिंग. स्प्रिंगची बाजू नेहमी तेलाकडे असते. ओठ आणि शाफ्ट यांच्यामध्ये तेलाचा अत्यंत पातळ थर राहतो, आणि तो आटला तर ओठ जळतो. नायट्राइल रबर साधारण 100 ते 120 अंश सेल्सिअसपर्यंत टिकते, त्यापुढे ते कडक होऊन चिरते. फ्लुरो रबर, ज्याला दुकानदार व्हिटॉन म्हणतात, सुमारे 200 अंशांपर्यंत टिकते. म्हणून क्रॅंकच्या सीलसाठी थोडे अधिक पैसे देऊन तेच मागावे, विशेषतः गिअरबॉक्स उतरवण्याइतके मोठे काम असेल तेव्हा.

पण सील इतक्या वर्षांत एकटेच झिजलेले नसते. मऊ रबराच्या ओठाखाली अडकलेली काजळी आणि धूळ कठीण पोलादी शाफ्टवरही बारीक खाच पाडते. त्या जागेवरून नख फिरवून पाहावे. नख अडकत असेल, तर त्याच खाचेवर बसलेले नवे सील फार दिवस टिकणार नाही. यावर दोन उपाय आहेत. बैठकीत जागा असेल तर नवे सील एखाद-दोन मिलिमीटर पुढे किंवा मागे बसवून ओठाला शाफ्टचा कोरा भाग मिळवून द्यायचा, मात्र सील तिरके होता कामा नये आणि तेलाचे परतीचे भोक झाकले जाता कामा नये. दुसरा उपाय म्हणजे साधारण पाव मिलिमीटर जाडीची पोलादी स्लीव्ह शाफ्टवर चढवायची. ती इतकी पातळ असते की मूळ मापाचेच सील तिच्यावर बसते. क्रॅंक काढून लेथवर नेण्याची वेळ त्यामुळे सहसा येत नाही.

बसवण्याची पद्धतही महत्त्वाची आहे. रबरी ओठाला आणि शाफ्टला स्वच्छ इंजिन ऑइल लावावे, शाफ्टच्या धारदार टोकावर पातळ प्लास्टिकची पट्टी गुंडाळून ओठ त्यावरून सरकवावा आणि सील सर्व बाजूंनी सारखे दाबत बसवावे. एका कडेला हातोडी मारून बसवलेले सील मी नाकारतो. मात्र सीलचा ओठ पांढरट किंवा तपकिरी, रबरापेक्षा कडक आणि स्प्रिंगविना असेल, तर ते टेफ्लॉनचे आहे. त्याला तेल अजिबात लावायचे नसते, ते कोरडेच बसवायचे असते आणि ओठ शाफ्टवर जमेपर्यंत काही तास इंजिन फिरवायचे नसते. जुन्या सवयीने त्यालाही तेल लावले जाते आणि मग मालाला दोष दिला जातो. चेंबरच्या (इंजिनाखालच्या तेलाच्या टाकीच्या) सांध्याला सिलिकॉन लावायचे असेल तर बारीक रेघेइतकेच लावावे, कारण आत पिळून आलेला जादा सिलिकॉन सुटून ऑइल पंपाच्या जाळीत अडकतो आणि तेलाचा दाब पडतो.

आपल्या गाडीला टायमिंग बेल्ट असल्यामुळे आणखी एक गोष्ट सांगणे मला आवश्यक वाटते. इंडिकाच्या 1.4 लिटर डिझेल इंजिनात आणि इनोव्हाच्या 2.5 लिटर इंजिनातही बेल्ट असतो, तर जुन्या डिझेल स्विफ्टच्या 1.3 लिटर इंजिनात साखळी असते. साखळीला तेल चालते, पण ज्या बेल्टला कोरडे राहायचे असते त्याला ते चालत नाही. पुढचे क्रॅंक सील किंवा कॅमशाफ्टचे सील गळून तेल त्या बेल्टवर आले, तर रबर फुगते, दाते सुटतात, आणि बेल्ट तुटला की डिझेल इंजिनात पिस्टन व्हॉल्व्हवर आदळतात. मागचा थेंब महिनोन्‌महिने पाहत राहता येतो, बेल्टवरच्या तेलासाठी मात्र त्याच आठवड्यात काम करून घ्यावे. बेल्ट बदलताना पुढची सीलही बदलावीत. त्याचप्रमाणे क्लच प्लेटसाठी गिअरबॉक्स उतरेल तेव्हा मागचे सील, ते थोडेही ओले दिसले तरी, बदलून घ्यावे, म्हणजे एकाच मजुरीत दोन्ही कामे होतात.

बाटलीबद्दलही आपण विचारले आहे. ती द्रव्ये रबर फुगवून मऊ करतात. म्हणून वयोमानाने कडक झालेल्या सीलची गळती त्यांनी काही काळ कमी होऊ शकते, पण फाटलेला ओठ किंवा खाच पडलेला शाफ्ट त्यांनी दुरुस्त होत नाही आणि त्यांचा जास्त वापर केल्यास चांगली सीलही ढिली पडतात. 15डब्ल्यू-40 ऐवजी 20डब्ल्यू-50 तेल भरून गळती लपवण्याचा सल्लाही टर्बो असलेल्या गाडीत मी देणार नाही, कारण सकाळी इंजिन सुरू होताच ते जाड तेल टर्बोच्या बेअरिंगपर्यंत पोहोचायला वेळ घेते.

चार-पाच थेंब म्हणजे अर्धा मिलिलिटरही नव्हे. त्यामुळे सध्या आपल्याला घाई नाही. तेलाची पातळी सपाट जागेवर, इंजिन बंद करून दहा मिनिटांनी पाहून लिहून ठेवावी आणि 1000 किलोमीटरनंतर पुन्हा पाहावी, कारण चालत्या इंजिनात दाब असताना किती तेल जाते ते फरशीवरून कळत नाही. पातळी फारशी उतरली नाही, तर ब्रीदर साफ करून आणि टॅपेट कव्हरचे पॅकिंग बदलून, मागच्या सीलचे काम क्लचच्या कामापर्यंत थांबवता येईल. मात्र क्लच घसरू लागला किंवा तेल एक्झॉस्टच्या गरम भागावर पडून जळाल्याचा वास येऊ लागला, तर थांबू नये.

आणि सील बदलले गेलेच, तर जुने सील मेकॅनिककडून मागून घ्यावे व हातात घेऊन पाहावे. ओठ बोटाने वाकवताना चिरत असेल, तर ते उष्णतेने आणि वयाने गेले आहे. ओठ एकाच बाजूला जास्त घासलेला असेल, तर शाफ्ट किंवा सील मध्यावर नव्हते आणि बेअरिंगमधील ढिलाई तपासायला हवी. ओठ उलटा दुमडलेला असेल, तर मागच्या वेळी ते चुकीचे बसवले गेले होते. आणि ओठ अजून लवचिक असून त्यावर कोठेही खूण नसेल, तर गळती सीलची नव्हतीच. तसे आढळले, तर गिअरबॉक्स पुन्हा चढवण्यापूर्वीच ब्रीदर आणि वरची पॅकिंगे परत तपासण्याचा आग्रह धरावा.