वाचकांचे प्रश्न : गणपतराव देशमुख ‘सलग’ अकरा वेळा आमदार होते का?

प्रश्न : स्पर्धा परीक्षेच्या एका टिपणात ‘गणपतराव देशमुख, सांगोला, सलग ११ वेळा आमदार, देशातील विक्रम’ असे वाचले. हे बरोबर आहे का? – एक विद्यार्थिनी, पंढरपूर

उत्तर : अकरा हा आकडा बरोबर आहे, ‘सलग’ आणि ‘देशातील’ हे दोन्ही शब्द मात्र खोडावेत. शेतकरी कामगार पक्षाचे (शेकाप) गणपतराव १९६२ मध्ये सोलापूर जिल्ह्यातील सांगोल्यातून प्रथम निवडून आले आणि १९६७ मध्ये त्यांनी जागा राखली, पण १९७२ मध्ये काँग्रेसच्या काकासाहेब साळुंखे-पाटील यांनी त्यांचा पराभव केला. साळुंखे-पाटील यांच्या निधनामुळे १९७४ मध्ये पोटनिवडणूक झाली व गणपतराव पुन्हा सभागृहात आले. त्यानंतर १९७८, १९८०, १९८५ आणि १९९० अशा चार निवडणुका जिंकल्यावर १९९५ मध्ये शहाजीबापू पाटील यांच्याकडून ते अवघ्या १९२ मतांनी हरले. पुढे १९९९, २००४, २००९ आणि २०१४ या चारही निवडणुका त्यांनी जिंकल्या. विजयांची ही बेरीज अकरा होते आणि आमदारकीचा काळ पन्नास वर्षांच्या थोडा वर जातो.

महाराष्ट्रापुरता हा विक्रम खराच आहे. देशाचा विचार केला तर केरळचे के. एम. माणी पाला या एकाच मतदारसंघातून तेरा वेळा, तेही एकदाही न हरता, निवडून आले. तमिळनाडूचे करुणानिधीही तेरा वेळा विजयी झाले, मात्र निरनिराळ्या मतदारसंघांतून. आम्हाला स्वतःला गणपतरावांचे दोन पराभव या आकड्यांपेक्षा अधिक बोलके वाटतात, कारण ज्या मतदाराने त्यांना घरी बसवले त्यानेच परत बोलावले, आणि दोन्ही वेळा ते त्याच पक्षाच्या उमेदवारीवर, त्याच लाल बावट्याखाली उभे होते.

प्रश्न : एवढ्या लहान पक्षाच्या उमेदवाराला सांगोल्याने इतकी वर्षे का निवडले? – एक वाचक, सांगली

उत्तर : याचे उत्तर मुख्यतः पाण्यात आहे. गणपतराव मूळचे मोहोळ तालुक्यातील पेनूरचे, म्हणजे सांगोल्याला बाहेरचेच. पुण्यात कायद्याचे शिक्षण घेऊन ते या तालुक्यात आले. सांगोला पर्जन्यछायेत येतो, माण नदी वर्षातला बराच काळ कोरडी असते, आणि दुष्काळ पडला की रोजगार हमीची कामे व जनावरांच्या छावण्या हेच तिथले राजकारण असते. कृष्णेचे पाणी टेंभू, म्हैसाळ यांसारख्या उपसा योजनांतून दुष्काळी तालुक्यांत यावे, यासाठी क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी यांच्यासह आटपाडीत ज्या पाणी परिषदा भरत, त्यांत गणपतराव, म्हणजे लोकांचे ‘आबासाहेब’, वर्षानुवर्षे अग्रभागी असत. तालुक्यातील शेतकऱ्यांची सहकारी सूतगिरणी हाही त्यांच्या कामाचा मोठा भाग होता. सहकारी सूतगिरण्या एकामागून एक बुडत असताना ती चालू राहिली, याचे श्रेय विरोधकही त्यांना देत. एसटीने प्रवास करणारा आमदार ही त्यांची ख्याती होती खरी. पण साधेपणावर एखादी निवडणूक जिंकता येते, अकरा नव्हे.

प्रश्न : ते मंत्री होते का, आणि त्यांच्यानंतर सांगोल्याचे काय झाले? – एक वाचक, ठाणे

उत्तर : दोनदा होते. १९७८ मध्ये शरद पवारांच्या पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) आघाडीच्या मंत्रिमंडळात आणि १९९९ मध्ये विलासराव देशमुखांच्या आघाडी सरकारात. दोन्ही मिळून काळ अगदीच थोडा, कारण बहुतेक काळ त्यांचा पक्ष विरोधी बाकांवर होता. वयोमानामुळे २०१९ ची निवडणूक त्यांनी लढवली नाही. त्या वेळी त्यांचे नातू अनिकेत देशमुख थोडक्यात हरले, तेही शहाजीबापू पाटील यांच्याकडूनच. ३० जुलै २०२१ रोजी सोलापुरात गणपतरावांचे निधन झाले. २०२४ मध्ये त्यांचे दुसरे नातू बाबासाहेब देशमुख यांनी शेकापच्याच उमेदवारीवर सांगोल्याची जागा परत मिळवली.