‘झामातुन’ला सभामंडप म्हणावं का?

प्रश्न असा आला आहे: आर्मेनियन मठांवरच्या लेखात ‘झामातुन’ शब्द येतो, त्यासाठी मराठीत ‘सभामंडप’ चालेल का?

आधी वास्तू पाहू. आज तुर्कस्तानच्या कार्स प्रांतात, आनी या आर्मेनियन राज्याच्या उजाड राजधानीच्या ईशान्येला अखुरियान नदीकाठी होरोमोस मठाचे अवशेष आहेत. मठ दहाव्या शतकातला, बग्रातुनी या आर्मेनियन घराण्यातल्या राजांच्या दफनाची जागा. तिथे 1038 साली राजा होव्हान्नेस-स्मबातने चर्चच्या पश्चिमेला एक दालन बांधलं. मधोमध चार सुटे खांब, त्यांवर आठ कोरीव शिळांचं वर निमुळतं होत जाणारं छत आणि माथ्याशी उजेडाला वाट. या दालनाला तिथल्या शिलालेखातच ‘झामातुन’ म्हटलं आहे. पुढे अशा दालनांना ‘गवित’ हे नाव जास्त रूढ झालं. त्याचा मूळ अर्थ अंगण.

आता शब्द. घाईत वाचला तर ‘झामातून’ म्हणजे झामामधून, असा पंचमीचा भास होतो. म्हणून मी ‘तु’ मुद्दाम ऱ्हस्व लिहितो. फोड आहे झाम + आ + तुन. मधला ‘आ’ नुसता सांधणारा. ‘झाम’ म्हणजे तास, आणि त्यावरून प्रार्थनेची नेमलेली वेळ. संस्कृत ‘याम’शी, म्हणजे प्रहराशी, नातं जोडायचा मोह होतो, तो आवरावा.

‘तुन’ म्हणजे घर, आणि इथे मात्र नातं खरं आहे. वेदातला ‘दम’ म्हणजेही घर. ऋग्वेदाच्या पहिल्याच सूक्तात अग्नी ‘वर्धमानं स्वे दमे’, म्हणजे आपल्या घरी वाढणारा, असा आहे. आपल्या ‘दंपती’तला ‘दं’ हाच: घराचे धनी. लग्नपत्रिकेतला आपला शब्द आणि अखुरियानकाठच्या दगडावरचा तो शब्द एकाच मुळातून फुटलेत, हे कळल्यापासून मला दोन्ही वेगळेच दिसतात.

सभामंडप मांडणीने जवळचा आहे, कारण तोही गाभाऱ्याच्या पुढ्यात असतो. पण त्यात ना प्रार्थनेची वेळ येते, ना घर. आणि या दालनांत लोकांना पुरतही असत, ती गोष्ट तर ‘सभामंडप’ वाचून कुणाच्या मनातही येणार नाही. पहिल्यांदा ‘झामातुन, म्हणजे प्रार्थनावेळेचं घर’ असं लिहावं, पुढे नुसतं झामातुन.