“माया हात वरतं जातच नाही जी, ऑपरेशन फसलं का?”

आजी आत आल्या त्याच उजवा हात डाव्या हाताने सांभाळत. हात अडकवायची गळ्यातली झोळी तशीच. यवतमाळ जिल्ह्यातलं खेडं, जन्म निंदणात आणि कापूस वेचण्यात गेलेला. हात वर नेणारे खांद्यातले स्नायू, म्हणजे रोटेटर कफ, केव्हाचेच फाटलेले. मग सांधाही झिजला. दिवाळीआधी रिव्हर्स शोल्डर रिप्लेसमेंट, म्हणजे खांद्याचा कृत्रिम सांधा उलट्या रचनेत बसवण्याचं ऑपरेशन, झालं आणि आता संक्रांत होऊन गेली होती.

मुलगा म्हणाला, “शेजारच्या काकाचा गुडघा बदलवला, तो दुसऱ्या दिवशी चालला. मायचा हात काहून नाही उचलत? आमच्यावर प्रयोग तं नाही केला?”

खांद्याच्या ऑपरेशननंतर बहुतेक घरांतून हेच विचारतात. गुडघ्याला लगेच चालवतात, खांद्याला मात्र साधारण 4 ते 6 आठवडे झोळीत ठेवतात. आणि हा प्रयोग नव्हे; पॉल ग्रामाँ या फ्रेंच सर्जनने 1985 मध्ये ही रचना वापरायला घेतली. आपल्या खांद्यात गोळा दंडाच्या हाडाला असतो आणि वाटी पाठीच्या फऱ्याला. इथे गोळा फऱ्यावर बसवतात, वाटी दंडावर. त्यामुळे फाटलेल्या स्नायूंचं काम खांद्यावरचा बाहेरचा स्नायू, डेल्टॉइड, उचलतो. मुलाला म्हटलं, “नवा बैल जुवाखाली आणला तं पहिल्या दिवशी सरळ तास काढते का?” तो गप्प झाला.

पण आजींची अडचण वेगळी होती. सर्जनने 6 आठवड्यांनी झोळी काढायला सांगितलं होतं, ते कार्डावर इंग्रजीत होतं आणि घरात ते कोणी वाचलंच नव्हतं. 11 आठवडे हात बांधलेला. मी विचारलं, “आजी, भीती कशाची वाटते?” बराच वेळ त्या बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, “डॉक्टर म्हने, गोळा निखळते.”

त्या एका वाक्याने त्यांचा सगळा हात बंद केला होता. सून वेणी घालत होती, घासही भरवत होती. फार मायेचं घर, पण त्या मायेनेच हात आखडला, असं माझं मत आहे.

सर्जनशी फोनवर बोललो. नुकत्याच काढलेल्या एक्सरेत सांधा जागेवर होता. मग मी आजींसमोर निखळण्याची भीती नेमकी कुठे धरायची तेवढंच मांडलं. त्या हाताने पाठीमागे पदर खोचायचा नाही. खाटेवरून किंवा जमिनीवरून उठताना त्या हातावर भार द्यायचा नाही. खेड्यात हे फार जपावं लागतं, कारण आपलं उठणं-बसणं खालीच. समोरून हात वर नेण्याची मात्र सर्जनने मोकळीक दिली होती. जखमेतून पाणी आलं, ताप आला, हात बधिर झाला किंवा अचानक असह्य दुखलं, तर व्यायाम थांबवून थेट दवाखाना.

फिजिओथेरपिस्ट ताईंनी सुरुवात पाठीवर झोपवून केली: डाव्या हाताने उजवा मनगटाशी धरायचा आणि हळू वर न्यायचा. पुढे टेबलावर फडकं ठेवून हात पुढे सरकवणं, मग दोन्ही हातांत काठी. आरशासमोर बसवलं तेव्हा दिसलं की आजी हात उचलायच्या ऐवजी खांदाच कानाला लावत होत्या. ही खोड मोडायलाच तीन आठवडे गेले. एका आठवड्यात तर काहीच पुढे सरकलं नाही आणि त्या रडल्या. मी व्यायाम बाजूला ठेवला, नुसतं बसलो.

एक गोष्ट मी आधीच सांगून टाकली होती: ही सुधारणा वर्षभर चालते, आणि पाठीमागे हात पूर्वीसारखा जाईलच असं नाही. त्यामुळे सुनेने समोरून हुक लावायचे ब्लाउज शिवून घेतले.

पाडव्याला आजींनी स्वतःच्या हाताने कुंकू लावलं आणि समोरचे केस विंचरले. वेणी अजून सूनच घालते. मग हळूच विचारलं, “औंदा वेचणीले जाऊ का?”

सर्जनला विचारूनच उत्तर दिलं: कंबरेइतक्या उंचीची बोंडं वेचायला हरकत नाही, पण गाठोडं डोक्यावर घ्यायचं नाही, कधीच.

“गाठोडं तं आता नातूच उचलते,” आजी म्हणाल्या.