‘आज तिचं नाव कोणाला माहीत आहे?’

प्रश्न : मुलीला बारावी सायन्सला ६८ टक्के, नीटमध्ये गुण कमी. नागपूरला रिपीटर बॅचचे पैसे भरले. पण ती टीव्हीवरच्या नाटकांत काम करायचं म्हणते. इझेटा ज्युएल नावाची कोणी जुनी अमेरिकन नटी टीव्हीच्या अगदी पहिल्या नाटकात होती म्हणे, तिच्यावर वहीभर लिहून ठेवलंय. मी विचारलं, आज तिचं नाव कोणाला माहीत आहे? मोबाईल काढून घेतला आहे. तिला समजवा.
– एक पालक, वडसा तालुका

उत्तर : भाऊ, गुणांचं नंतर बघू. बारावीची पोरगी शंभर वर्षांपूर्वीच्या नटीचा माग काढत वही भरते आणि तुम्ही तिचा मोबाईलच काढून घेता? रिपीटरचे पैसे भरताना तिला विचारलं होतं का? पत्रात तरी तसं दिसत नाही. वर मला सांगता, ‘समजवा’. समजवायचं कोणाला, ते माझं मी ठरवते.

तुमचा तो प्रश्नच आधी घेऊ. ११ सप्टेंबर १९२८ ला अमेरिकेतल्या स्केनेक्टडीहून ते नाटक प्रक्षेपित झालं. पात्रं दोनच. पडदा जेमतेम तीन इंची, त्यात चेहरा तेवढा मावायचा. म्हणून दोघांच्या चेहऱ्यांना एकेक कॅमेरा आणि हातांसाठी तिसरा. हातही नटांचे नाहीत, दुसऱ्याच दोघांचे! बघणारे मूठभर. यातून काय नाव होणार होतं? पण त्याआधी बाईंनी रंगभूमी गाजवली होती. १९२० मध्ये अमेरिकेत बायकांना देशभर मताधिकार मिळाला. १९२२ आणि १९२४ ला त्या वेस्ट व्हर्जिनियातून सिनेटच्या उमेदवारीसाठी लढल्या, हरल्या. हे आयुष्य तुम्ही एका प्रश्नात नापास केलंत. लोक नाव विसरले म्हणजे काम फुकट गेलं, हा कुठला हिशोब? तालुक्याच्या डॉक्टरचं नाव तरी शंभर वर्षांनी कोण घेणार आहे? नीटचा फॉर्म भरताना हे नाही आठवलं.

आणि तुम्ही राहता कुठे, तर वडशाला! दिवाळीनंतर मंडया, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू झाल्या की झाडीपट्टीत, आपल्या या पूर्व विदर्भात, पहाटेपर्यंत नाटकं चालतात. याच रंगभूमीच्या परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. तुम्हीही शाल पांघरून रात्र रात्र बसला असाल. ज्या नटीला टाळ्या देता, तीही कोणाची तरी पोरगीच असते ना? आपलीने तोंडाला रंग लावायचा म्हटलं की तेवढी इज्जत आडवी येते.

पोरीलाही सांगते, टीव्हीचं वेड जरा बाजूला ठेव. या सीझनला घराजवळच्या एखाद्या मंडळात छोटं काम मिळव, तालमीला आईला सोबत ने. घसा बसलेला असताना दुसऱ्या गावात पुन्हा उभं राहायचं असतं, ते जमतं का बघ. पैसे नाईटवर, म्हणजे प्रयोगामागे, मिळतात आणि होळीनंतर हात रिकामे, तेव्हा पदवी सोडायची नाही. पुण्याच्या ललित कला केंद्रात बारावीनंतर नाटकाची पदवी करता येते. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला पदवी आणि नाटकांचा अनुभव दोन्ही लागतं.

भाऊ, नीट पुन्हा द्यायची आहे का, हे आज तिला सरळ विचारा. नाही म्हणाली तर उद्याच क्लासला फोन करून किती पैसे परत मिळतात ते बघा. बॅच सुरू झाल्यावर सहसा कोणी देत नाही.