जुन्या कॉम्प्युटरच्या क्रोममधले बुकमार्क नव्या लॅपटॉपच्या एजमध्ये कसे न्यायचे?

ताई, तुमचा प्रश्न वाचला. सेंटरवरच्या जुन्या कॉम्प्युटरला क्रोम आहे, त्यात सातबारा, महाडीबीटी, पीएम किसान, पीकविमा, पॅन-आधार असे फोल्डर लावून तीनचारशे लिंका जमवलेल्या, आता नवा लॅपटॉप घेतलाय अन् त्यावर एज (मायक्रोसॉफ्टचा ब्राऊजर) आधीच बसलेलं आहे म्हणून तेच वापरायचंय. सेंटरवर पोरं कामाला आहेत म्हणून तिथं स्वतःचं गुगल अकाउंट टाकायचं नाही. अन् शेवटी विचारलंय की एकेक लिंक वहीत लिहून काढू का. नका लिहू, उगं दोन दिवस जातील अन् एखादी स्लॅश चुकली की बसा शोधत.

मी इकडं परभणीत कॉम्प्युटर दुरुस्तीचं काम करतो, आजूबाजूच्या सेंटरवाल्यांच्या मशीन बदलून देण्यात हे काम रोजचंच आहे, त्यामुळं जरा सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट म्हणजे अकाउंट न टाकायचा तुमचा विचार बरोबरच आहे. कुणीही सांगंल की लॉगिन करा, सिंक (म्हणजे एकाच अकाउंटवरच्या सगळ्या मशीनवर सारखाच डेटा ठेवायची सोय) चालू करा, सगळं आपोआप येतं. येतं खरं, पण क्रोममधून क्रोममध्ये येतं. एजचं सिंक मायक्रोसॉफ्टच्या अकाउंटवर चालतं, त्याला तुमच्या गुगलमधल्या बुकमार्कचं काही घेणंदेणं नाही. म्हणजे तुमच्या कामाला सिंकचा उपयोगच नाही. वरून क्रोमला सिंक चालू केलं की नुसते बुकमार्क नाही, सेव्ह केलेले पासवर्ड, हिस्ट्री असलं बी मागं मागं येऊ शकतं, अन् मग दुकानातल्या पोराला तुमच्या घरच्या जीमेलचा पासवर्ड दिसतोय असले प्रकार होतात. अजून एक, बरेच जण सिंकला बॅकअप समजायलेत. तसं नाही ते. एका मशीनवर कुणी फोल्डर डिलीट मारलं की दुसऱ्या मशीनवरून बी ते जातं.

दुसरा रस्ता म्हणजे एजच्या सेटिंगमध्ये दुसऱ्या ब्राऊजरमधला डेटा इम्पोर्ट करायचं ऑप्शन असतं, तिथं क्रोम निवडलं की झालं. पण त्यासाठी क्रोम अन् एज एकाच मशीनवर पाहिजेत. तुमचं क्रोम जुन्या डब्यात अन् एज नव्या लॅपटॉपवर, म्हणून तुम्हाला तिथं काही सापडलं नसंल. तुम्ही काही चुकीचं दाबलेलं नाही.

मग राहिला तिसरा रस्ता, फाईल. मशीन बी बदललं अन् ब्राऊजर बी बदलला तरी चालणारा हाच एक सरळ रस्ता आहे, अन् खरं सांगू का, बाकीचे दोन जमत असले तरी मी आधी फाईलच काढून घेतो. ती आपल्या हातात राहते, कुठल्या अकाउंटवर अवलंबून नाही.

जुन्या कॉम्प्युटरवर क्रोम उघडा अन् कंट्रोल, शिफ्ट, ओ हे तिन्ही सोबत दाबा. बुकमार्क मॅनेजर उघडतं. आता इथं एक गंमत आहे, त्या पानावर तीन टिंबं दोन ठिकाणी दिसतात. एक क्रोमची नेहमीची, एकदम वरच्या कोपऱ्यात. दुसरी त्याच्या खाली, बुकमार्क शोधायची जी पट्टी असते तिच्या उजवीकडं. आपल्याला खालची पाहिजेत. वरच्या टिंबांत जाऊन लोक एक्सपोर्ट शोधत बसतात अन् म्हणतात आमच्या क्रोममध्ये नाहीच. खालच्या टिंबांवर क्लिक केलं की एक्सपोर्ट बुकमार्क्स दिसतं, ते दाबा, डेस्कटॉपवर सेव्ह करा. क्रोम मराठीत लावलेलं असलं तर शब्द मराठीत दिसतील, जागा तीच. एचटीएमएल फाईल तयार होते, नावात बुकमार्क्स अन् त्या दिवसाची तारीख असते.

आता ही फाईल लगेच पेनड्राईव्हवर टाकून पळू नका. आधी तिच्यावर डबल क्लिक करा. ती एखाद्या वेबपेजसारखी उघडते, साधं पांढरं पान अन् त्यावर तुमचे सगळे फोल्डर अन् खाली लिंका. कंट्रोल एफ दाबून दोनचार ओळखीची नावं शोधून बघा, पीकविमा आहे का, सातबारा आहे का. दिसलं म्हणजे माल सगळा आला. अन् लक्षात घ्या, त्या पानावरच्या लिंका चालू असतात, क्लिक केलं की साईट उघडते. म्हणजे समजा पुढचं काही जमलंच नाही, लॅपटॉपवर गिऱ्हाईक समोर येऊन बसलंय, तर नुसती ही फाईल उघडून बी काम भागतं.

फाईल डबल क्लिकनंच उघडा बरं का, नोटपॅडमध्ये नको. काहींना हौस असते, नोटपॅडमध्ये उघडून नको त्या ओळी काढायची. विंडोज सेव्हनसारख्या जुन्या मशीनचं नोटपॅड सेव्ह अ‍ॅज करताना एन्कोडिंग, म्हणजे अक्षरं साठवायची पद्धत, विचारतं, तिथं जर एएनएसआय (ANSI, जुनी पद्धत, तिच्यात मराठी अक्षरं बसत नाहीत) राहिलं अन् तसंच सेव्ह झालं तर मराठीतली सगळी नावं प्रश्नचिन्हं होऊन बसतात. "फेरफार उतारा"च्या जागी ??????? असं दिसतं अन् ते परत येत नाही. लिंक चालते पण नाव गेलं, अन् तीनचारशे प्रश्नचिन्हांतून सातबारा कोणता ते कसं ओळखणार. काढायचं ते इम्पोर्ट झाल्यावर ब्राऊजरमध्येच काढा. (नोटपॅडमध्ये बघायचंच असलं तर बघा, पहिल्या ओळीत नेटस्केप हे नाव दिसंल. नेटस्केप हा १९९४ चा ब्राऊजर, त्याचा सपोर्ट बंद होऊन जमाना झाला, २००८ मध्येच गेला तो, पण बुकमार्कच्या फाईलची पद्धत त्याचीच चालू आहे अन् क्रोम, एज, फायरफॉक्स, सफारी सगळे तीच वाचतात. म्हणून तर ही फाईल कुठं बी चालते.)

फाईल छोटीच असते, स्वतःलाच मेल करा नाहीतर पेनड्राईव्हनं न्या. पेनड्राईव्ह गिऱ्हाईकांच्या झेरॉक्सचा नको, तो दहा मशीन फिरून आलेला असतो, नव्या लॅपटॉपला पहिल्याच दिवशी व्हायरसची ओटी कशाला भरायची.

आता लॅपटॉपवर एज उघडा. तिथं बुकमार्कला फेव्हरिट्स म्हणतात, पण दाबायचं तेच, कंट्रोल शिफ्ट ओ. फेव्हरिट्सची पट्टी उघडली की तिच्या तीन टिंबांत इम्पोर्ट फेव्हरिट्स आहे. ते सेटिंगच्या पानावर नेतं, तिथं फेव्हरिट्स ऑर बुकमार्क्स एचटीएमएल फाईल असं निवडायचं अन् आपली फाईल दाखवायची. एजचं अपडेट आलं की ह्या पानाची मांडणी थोडी इकडं तिकडं होते, नाही सापडलं तर सेटिंगच्या सर्चमध्ये इम्पोर्ट टाईप करा, येतं.

उद्या फायरफॉक्स वापरायचं मनात आलं तर तिथं बी कंट्रोल शिफ्ट ओ, मग वर इम्पोर्ट अँड बॅकअप, त्यात इम्पोर्ट बुकमार्क्स फ्रॉम एचटीएमएल. पण त्याच मेनूत रिस्टोर म्हणून एक आहे, त्याला उगं हात लावू नका. इम्पोर्ट हे आहे त्यात भर घालतं. रिस्टोर मात्र आहे ते सगळं पुसून बॅकअपमधलं आणून ठेवतं. शेजारी शेजारी आहेत दोन्ही.

इम्पोर्ट झालं की बरेच जण म्हणतात, "आलंच नाही हो काही." आलेलं असतं. नव्या ब्राऊजरमध्ये आधीच दोनचार बुकमार्क असले तर आलेला माल वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवला जातो, क्रोममध्ये त्याला इम्पोर्टेड असं नाव असतं, एजमध्ये बी तसंच काहीतरी दिसंल. ते उघडा, आतले सगळे फोल्डर निवडून वरच्या पट्टीवर ओढून आणा अन् रिकामं फोल्डर काढून टाका. पट्टीच दिसत नसंल तर कंट्रोल, शिफ्ट अन् इंग्रजी B हे तिन्ही सोबत दाबा. दिसलं नाही म्हणून परत परत इम्पोर्ट मात्र मारू नका, दरवेळी अजून एक प्रत येऊन पडते अन् मग तीनशेचे नऊशे होतात, ते निवडत बसायचं म्हणजे डोक्याला ताप.

पासवर्ड ह्या फाईलीत येत नाहीत, आधीच सांगून ठेवतो, कारण नंतर लोक माझ्यावर येतात की लॉगिन का मागायलंय. फाईलीत फक्त नाव, पत्ता, फोल्डर अन् साईटची ती बारकी चित्रं असतात. क्रोमच्या पासवर्ड मॅनेजरमधून पासवर्डची वेगळी सीएसव्ही फाईल निघते, पण त्यात सगळे पासवर्ड उघडे असतात, एक्सेलमध्ये उघडलं की सरळ वाचता येतात. सेंटरच्या मशीनवर मी तरी ती काढणार नाही. महत्त्वाचे आठदहा असतील ते हातानं टाका. अगदीच काढली तर काम झालं की डिलीट करा अन् रिसायकल बिनमधून बी काढा.

आता तुम्ही लिहिलंय की काही लिंका जुन्याच मशीनवर बी चालत नाहीत, त्या नव्यावर चालतील का. नाही चालणार. बुकमार्क म्हणजे निस्ता पत्ता, साईटनं घर बदललं तर पत्ता काय करणार. सरकारी साईटचं तर हे कायमचंच आहे, पोर्टल नवं येतं, जुन्याचा पत्ता बंद पडतो. दुसरं कारण म्हणजे लॉगिन झाल्यावर आतलं पान सेव्ह केलेलं असतं. सेशन संपलं की ते पान उघडत नाही, एरर येतो नाहीतर लॉगिनवर फेकून देतं. असल्या ठिकाणी मुख्य पानाचाच बुकमार्क ठेवावा. हे सगळं साफ करायला नवी मशीन हा चांगला मुहूर्त आहे, पण आधी सगळं येऊ द्या, मग निवांत एकेक उघडून बघा. अन् साफ करताना पत्ता वाचा, सरकारी असंल तर बहुतेक शेवटी गव्ह डॉट इन असतं. गुगलवर पीकविमा शोधला की वर जाहिरातीतल्या भलत्याच साईट येतात, पोरं त्यातच फॉर्म भरायला बसतात. बुकमार्क लावून ठेवायचा खरा फायदा मला विचाराल तर हाच आहे. नावं बदलायची असली, म्हणजे फोल्डरला अजून औरंगाबाद किंवा उस्मानाबाद असं असलं अन् आता संभाजीनगर, धाराशिव करायचं असलं, तर राईट क्लिक करून एडिट किंवा रिनेम करा, लिंकला काही होत नाही.

मोबाईलमधल्या क्रोममध्ये जे सेव्ह केलंय त्याचं काय, असं बी विचारलंत. मोबाईलच्या क्रोमला ही एक्सपोर्टची सोयच नाही. थोडेच असतील तर लिंक शेअर करून स्वतःलाच पाठवा. जास्त असतील तर घरच्या, म्हणजे सेंटरच्या नाही, कॉम्प्युटरवर तेच अकाउंट लावा, सिंक होऊ द्या अन् तिथून फाईल काढा.

अन् जुनं मशीन लाईट गेल्यापासून चालू होतंय पण क्रोम उघडायलाच तयार नाही, असं झालं तरी घाबरू नका. विंडोजचं बटण अन् आर दाबून येणाऱ्या डब्यात टक्क्याचं चिन्ह, मग इंग्रजीत लोकलअ‍ॅपडेटा एकत्र, परत टक्क्याचं चिन्ह असं टाका अन् एंटर मारा. तिथून गुगल, क्रोम, यूजर डेटा, डिफॉल्ट असं आत जा. बुकमार्क्स नावाची एक फाईल दिसंल, तिला एक्स्टेन्शन, म्हणजे नावाच्या शेवटी डॉट लावून येणारी अक्षरं, काहीच नसतं. शेजारी बुकमार्क्स डॉट बॅक असली तर ती बी घ्या, ती आधीची प्रत असते, पहिली बिघडलेली निघाली तर कामाला येते. जास्त प्रोफाईल बनवलेले असतील तर डिफॉल्टच्या शेजारी प्रोफाईल वन, टू अशी फोल्डरं असतात, त्यात बी बघा. नव्या लॅपटॉपवर क्रोम टाका, एकदा उघडून बंद करा, अन् त्याच जागी ही फाईल ठेवा. क्रोम पूर्ण बंद असताना ठेवायची, अन् त्या क्रोममध्ये काही नवीन साठवलेलं नसलं तरच, कारण तिथलं जाऊन हे बसतं. मग क्रोम उघडून बघा, आलं असंल तर आता दोन्ही ब्राऊजर एकाच मशीनवर आहेत, एजमधून सरळ इम्पोर्ट होतं.

एवढ्यावर बी अडलं तर जुन्या मशीनला विंडोज कोणतं आहे अन् क्रोमचं व्हर्जन किती आहे ते लिहा. विंडोज सेव्हन असंल तर क्रोम १०९ च्या पुढं गेलेलं नसणार, मेनू थोडा वेगळा दिसंल, पण एक्सपोर्ट त्यात बी आहे.