गृहकर्ज शेवटी कितीला पडतं?

वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

बडोद्याच्या वाचकांकडून या वेळी आलेली बहुतेक पत्रं गृहकर्जाबद्दल आहेत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. वेगळा दर सांगितलेला नसेल तिथे व्याज साडेआठ टक्के धरलं आहे. तुमचा दर निराळा असेल तर आकडे बदलतील, हिशेबाची रीत तीच.

मांजलपूरला ५० लाखांचा फ्लॅट पाहिला आहे, ४० लाखांचं कर्ज लागेल. बँकेतले साहेब म्हणतात, वीसऐवजी तीस वर्षांची मुदत घ्या, हप्ता चार हजारांनी हलका होईल. ह्यांचं म्हणणं, घेऊन टाकू. मला धास्ती वाटते. फरक नेमका किती?

वीस वर्षांचा हप्ता ३४,७१३ रुपये, तीस वर्षांचा ३०,७५७. महिन्याला ३,९५६ रुपये सुटतात, म्हणजे साहेब खोटं बोलत नाहीत. आता बेरीज करा. वीस वर्षांत तुम्ही बँकेला एकूण ८३.३१ लाख देता, तीस वर्षांत १ कोटी १० लाख ७२ हजार. व्याज ४३.३१ लाखांवरून ७०.७२ लाखांवर जातं. पहिली वीस वर्षं मिळून साडेनऊ लाखांची सवड मिळते आणि त्यापोटी आणखी दहा वर्षं हप्ते भरावे लागतात, त्यांचेच जवळजवळ ३७ लाख होतात. पंधरा वर्षांची मुदत झेपत असेल तर हप्ता ३९,३९० आणि व्याज ३०.९० लाख.

असं होण्याचं कारण पहिल्याच हप्त्यात दिसतं. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं: बाकी गुणिले दर, भागिले १२००. चाळीस लाखांवर पहिल्या महिन्याचं व्याज २८,३३३ रुपये. ३४,७१३ मधून ते गेलं की मुद्दलात पडतात ६,३८०. पाच वर्षांत तुम्ही २०.८३ लाख भरलेले असतात आणि बाकी असते ३५.२५ लाख. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या बरोबरीला यायला १४२ महिने, म्हणजे बारावं वर्ष संपत येतं. सहाव्या-सातव्या वर्षी घर विकायला काढणाऱ्यांना धक्का बसतो तो इथेच. तीस वर्षांच्या कर्जात ही सुरुवात आणखी संथ असते: पहिल्या हप्त्यातून मुद्दलात जातात जेमतेम २,४२४ रुपये.

यावर एक युक्तिवाद नेहमी ऐकू येतो की महागाईमुळे तिसाव्या वर्षी ३०,७५७ रुपये किरकोळ वाटतील. वाटतील, यात शंका नाही. पण त्याचा फायदा पदरात पडायला सुटलेले ३,९५६ दर महिन्याला कुठेतरी गुंतवायला हवेत, आणि तिथे कर वजा जाता साडेआठ टक्क्यांहून जास्त सुटायला हवेत. मुदत ठेवीत ते सुटत नाहीत. बहुतेक घरांत तर हे पैसे पेट्रोल आणि किराण्यात जिरतात.

तीस वर्षांची मुदत एका परिस्थितीत शहाणपणाची ठरते: नोकरीची खात्री नसेल आणि सक्तीचा हप्ता छोटा ठेवायचा असेल तेव्हा. मुदत तीसची घ्या आणि वरचे ३,९५६ दर महिन्याला स्वतःहून भरा. कर्ज वीस वर्षांतच फिटेल आणि एखाद्या वाईट महिन्यात हात आखडता घेता येईल. मात्र ते भरताना ‘मुद्दलापोटी’ असं स्पष्ट नोंदवा. नाहीतर काही ठिकाणी ती रक्कम पुढच्या हप्त्याची आगाऊ भरणा म्हणून पडून राहते आणि व्याज एक पैशानेही उतरत नाही.

२०२१ च्या सुरुवातीला ३० लाख घेतले, दर ६.७५, मुदत वीस वर्षं. हप्ता २२,८११ होता आणि बरीच वर्षं तेवढाच राहिला. मागच्या आठवड्यात स्टेटमेंट काढलं तर मुदत २०५० च्याही पुढे गेलेली! निवृत्ती २०४२ ला आहे. बँकेने चूक केली का? (कारेलीबाग)

चूक नसावी. पण हप्ता हलला नाही म्हणून तुम्ही निर्धास्त राहिलात, तिथे फसगत झाली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. रेपोला जोडलेलं ६.७५ चं कर्ज त्यामुळे ९.२५ झालं. वाढ टप्प्याटप्प्याने झाली, आपण सोयीसाठी ती दोन वर्षांनी एकदम धरू. तेव्हा तुमची बाकी २८.४८ लाख होती. ९.२५ टक्क्यांनी तिचं महिन्याचं व्याज होतं २१,९५३. हप्ता २२,८११. मुद्दलात गेले ८५८ रुपये. या गतीने उरलेली अठरा वर्षं वाढून ४२७ महिने होतात, साडेपस्तीस वर्षं! मुदत अठरा वर्षंच ठेवायची तर हप्ता २७,११६ करावा लागला असता. दर आणखी थोडा चढता तर हप्ता व्याजालाही पुरला नसता आणि कर्ज फिटायचं सोडून फुगलं असतं.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर सूचना काढल्या. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, ही निवड कर्जदाराला द्यायची; स्थिर दरात जाण्याचा पर्यायही द्यायचा (ऑक्टोबर २०२५ पासून तो देणं बँकेच्या मर्जीवर आहे); आणि मुदत वाढून कर्ज फुगेल अशी स्थिती येऊ द्यायची नाही. व्यवहारात ही निवड एका मेसेजमध्ये येते. तो मेसेज वाचला गेला नाही की मुदत वाढते.

आता करायचं काय? फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. रेपोसारख्या बाह्य निर्देशांकाला जोडलेलं कर्ज बँकेने निदान तीन महिन्यांतून एकदा नव्या दरावर आणायचं असतं, तेव्हा ही कपात स्टेटमेंटमध्ये दिसायला हवी. ऑक्टोबर २०१९ आधीचं कर्ज असेल तर ते अजून बँकेच्या स्वतःच्या दराच्या जुन्या पद्धतीत अडकलेलं असू शकतं; थोडी फी भरून बदलून घेता येतं. गृहवित्त कंपन्यांना मात्र बाह्य निर्देशांकाची ही सक्ती नाही. त्या स्वतःच्या दराने चालतात आणि कपात सावकाश पोचते.

मग शाखेत लेखी अर्ज द्या: ‘२०४२ पूर्वी कर्ज संपेल इतका हप्ता करून सुधारित परतफेड तक्ता द्यावा.’ त्याच भेटीत स्प्रेड विचारा. स्प्रेड म्हणजे रेपोवर बँक चढवते तो वाढावा. नव्या ग्राहकाला तो कमी आणि तुम्हाला जास्त असेल तर कमी करून मागा. बँक ऐकत नसेल तर कर्ज दुसरीकडे हलवण्याचा विचार करा. पण एक खोच आहे. नवी बँक पुन्हा वीस वर्षांची मुदत मांडते, हप्ता छान कमी दिसतो आणि भरलेली वर्षं पाण्यात जातात. उरलेली मुदत आहे तेवढ्याच मुदतीवर तुलना करा, प्रोसेसिंग फी, जीएसटी आणि नव्या गहाणखताची स्टॅम्प ड्यूटी धरून.

दोन लाख बोनस आला आहे. ४० लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जाला एक वर्ष झालं. भरून टाकू का? आणि बँक विचारते, हप्ता कमी करू की मुदत? (गोत्री)

पहिला प्रश्न आधी. हाताशी निदान सहा हप्त्यांइतकी रोकड हवी. तुमच्या बाबतीत ती २.०८ लाख होते. बोनस हीच सगळी शिल्लक असेल तर थांबा. कर्जात टाकलेला पैसा दवाखान्यासाठी परत मागता येत नाही.

ती रोकड वेगळी असेल तर भरा, आणि मुदत कमी करून घ्या. हप्ता तोच ठेवला तर २६ हप्ते वाचतात, म्हणजे ९.१ लाख. तुमचे दोन लाख वजा केले तर ७.१ लाखांचं व्याज टळलं. तेच दोन लाख भरून हप्ता कमी केला तर तो ३२,९४२ होतो आणि वीस वर्षं पुरी होईतो निव्वळ वाचतात दोन लाख. रक्कम एकच, फॉर्मवरची खूण वेगळी. काही ठिकाणी काहीच लिहून दिलं नाही तर हप्ता कमी होतो, म्हणून पत्र द्या आणि नवा तक्ता घेतल्याशिवाय उठू नका.

भरण्याची वेळही महत्त्वाची. हेच दोन लाख दहाव्या वर्षाअखेर भरले असते तर वाचलं असतं सुमारे २.५ लाखांचं व्याज. वैयक्तिक फ्लोटिंग (बदलत्या दराच्या) गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकेला लावता येत नाही, २०१२ पासूनच. स्थिर दराचं असेल तर करार बघा.

वासणा-भायली भागात बांधकाम चालू असलेला ४६ लाखांचा फ्लॅट, कार्पेट ८० चौरस मीटर. ताबा तीन वर्षांनी. हातचे किती लागतील?

३० ते ७५ लाखांच्या दरम्यानच्या कर्जात बँक किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देते, आणि त्या किमतीत स्टॅम्प ड्यूटी धरत नाही. म्हणजे कर्ज ३६.८ लाख, तुमचे ९.२ लाख. त्यावर दस्तावेजाची स्टॅम्प ड्यूटी ४.९ टक्के, २,२५,४०० रुपये. जंत्रीचा, म्हणजे सरकारने ठरवलेला भाव जास्त निघाला तर त्यावर. नोंदणी फी १ टक्का, ४६,००० रुपये. घर फक्त बायकोच्या नावे घेतलंत तर ही फी माफ, दोघांच्या नावे घेतलंत तर नाही. जीएसटी ५ टक्के, २.३ लाख. एकूण चौदा लाख वीस हजारांच्या घरात, फर्निचर सोडून.

इथे बिल्डरशी बोलायला जागा आहे. पार्किंगसारखे आकार धरून एकूण किंमत ४५ लाखांच्या आत आणि कार्पेट ९० चौरस मीटरच्या आत असेल तर जीएसटी १ टक्का. वरच्या एका लाखासाठी तुम्ही १.८५ लाखांचा जास्तीचा कर भरता आहात. आणि बी.यू. (इमारत वापराची) परवानगी मिळालेल्या तयार फ्लॅटवर जीएसटी नाहीच.

दुसरा खर्च हप्त्यात दिसत नाही. कर्ज स्लॅबप्रमाणे, म्हणजे बांधकामाच्या टप्प्यांनी सुटतं आणि ताबा मिळेपर्यंत फक्त व्याज भरायचं, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. तीन वर्षांत सरासरी निम्मी रक्कम उचललेली धरली तर हे ४.६९ लाख होतात आणि मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. त्यात चालू घराचं भाडं. ताबा वर्षभर लांबला तर आणखी तीन लाखांच्या आसपास व्याज, कारण तोवर बहुतेक रक्कम सुटलेली असते. पूर्ण हप्ता सुरुवातीपासून भरण्याची सोय पुष्कळ बँका देतात. झेपत असेल तर घ्या. बानाखतावर (विक्रीच्या करारावर) सही करण्याआधी गुजरेराच्या, म्हणजे गुजरातच्या रेरा प्राधिकरणाच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची नोंदवलेली पूर्णतेची तारीख पाहा. विक्रीवाल्याने सांगितलेली तारीख आणि ती सहसा जुळत नाही.

कर्जासोबत १.२० लाखांचा विमा घ्यावाच लागतो, असं सांगतात. खरं का?

घरावरच्या आगीच्या विम्याची अट करारात असते, ती वाजवी आहे. कर्जदाराच्या आयुष्याचा एकरकमी विमा सक्तीचा नाही, आणि तो बँक सांगते त्याच कंपनीकडून घ्यायची सक्ती तर नाहीच. हा प्रीमियम कर्जात मिसळला तर १.२० लाखांचे वीस वर्षांत अडीच लाख होतात. विमा हवाच, साधा टर्म प्लॅन वेगळा घ्या.

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचं पत्रक द्यावं लागतं. त्यातला वार्षिक एकूण खर्चाचा दर बघा. फी आणि विमा त्यात धरलेला असतो. साडेआठची जाहिरात तिथे ८.८ वगैरे दिसली की फरक कुठून आला ते विचारा. दोन बँकांची तुलना याच आकड्यावर करा. पत्रक तुम्हाला समजणाऱ्या भाषेत मागता येतं.

कर सवलत धरली तर व्याज स्वस्तच पडतं ना?

जुन्या करप्रणालीत असाल तर राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट आहे. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती नाही, आणि २०२३-२४ पासून नवी प्रणालीच आपोआप लागू होते. जुनीतही ४० लाखांच्या कर्जाचं पहिल्या वर्षीचं व्याज ३.३७ लाख असतं, वरच्या १.३७ लाखांना काही मिळत नाही. नवरा-बायको दोघं मालक आणि दोघं कर्जदार असतील तर प्रत्येकाची मर्यादा वेगळी.

पुढच्या महिन्यात शेवटचा हप्ता. नंतर काय मागायचं? (रावपुरा)

मूळ कागद ३० दिवसांत परत मिळायला हवेत. उशीर बँकेच्या बाजूने असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. बाकी नसल्याचा दाखला घ्या. सेर्साई (गहाण मालमत्तांची केंद्रीय नोंदवही) नोंदणीतला बोजा बँकेने उतरवल्याचा पुरावा मागा, आणि प्रॉपर्टी कार्डावर बोजा चढवला असेल तर तो सिटी सर्व्हे कचेरीतून काढून घ्या. कर्ज घेताना बँकेने जमा कागदांची यादी दिली होती, ती सोबत न्या. पोचपावतीवर सही करण्याआधी त्या यादीशी एकेक कागद ताडून पाहा: मूळ दस्तावेज, आधीच्या मालकाचा दस्तावेज, बिल्डरच्या पावत्या, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट. शेवटच्या दोन गोष्टी फायलीत मागे राहिल्याची तक्रार सर्वांत जास्त येते.